खालचा आवाज

पप्पा, तुम्ही तेव्हा बोटीवर चढला असतात तर आज मला या पत्र्याच्या पेट्यांत शिरावं लागलं नसतं. बोटीवर का चढला नाहीत, हे मी तुम्हाला शाळेत होतो तेव्हाही विचारलं होतं. तुम्ही बेकरीत पीठ मळत होतात. पिठाचाच हात माझ्या डोक्यावर ठेवून म्हणालात, "मला बोट लागते." बोट लागते! वसईचा माणूस, ज्याचा आजा मचव्यावर म्हातारा झाला, त्याला बोट लागते. तेव्हाही मला ते पटलं नव्हतं आणि आताही पटत नाही, म्हणून भांडण तिथूनच पुढे नेतो. तुम्ही गेलात म्हणून ते मिटलं असं काही नाही. तुम्ही नेहमी असंच करायचात, मधेच भट्टीत पाव बघायला उठून जायचात.

मी सौदीत कतीफला आहे. आमची कंपनी एसीचे डक्ट बसवते. डक्ट म्हणजे छतातून गार हवा फिरवायला पत्र्याचे चौकोनी बोगदे असतात ते. मी अंगाने बारीक, म्हणून आत शिरायचं काम माझ्याकडे. कधी कधी खोबारला साईट लागते, तेव्हा व्हॅनमधून तो लांब पूल दिसतो, समुद्रावरून बहरीनला जाणारा. ड्रायव्हरला तो रोजचाच. मला मात्र दर वेळी वाटतं की तुम्ही चौघं तिथे उभे आहात. पांढऱ्या पँटी, काळे बूट, एकाच ताग्यातून शिवलेले चार कोट, आणि मधे एक माईक. मी हेल्मेट घालून खालून जातो आणि तुम्ही बघत नाही.

तुमच्या गाण्याच्या पार्टीची गोष्ट तुम्ही मला कधी सांगितली नाहीत. ती मी लग्नाच्या मांडवांत म्हाताऱ्यांकडून गोळा केली. देवळातल्या मास्तरांनी तुम्हा चार पोरांना चार आवाजांत गायला शिकवलं, मिस्सासाठी, म्हणजे रविवारच्या प्रार्थनेसाठी. मग कुणाचा तरी बोटीवर काम करणारा मामा अमेरिकन रेकॉर्डी घेऊन आला. त्यांत तुमच्यासारखीच चार पोरं होती, बिनवाद्याची, नुसत्या घशावर नाचायला लावणारी. महिनाभर तुम्ही ती तबकडी घासली. मास्तरांना कळलं तेव्हा म्हणाले, "देवाने दिलेला आवाज माकडचाळ्यांना लावता काय?" आणि दुसऱ्या दिवशी स्वतःच येऊन मधल्या दोघांचे सूर दुरुस्त करून गेले. गावात तुम्हाला नावाने कुणी हाक मारत नव्हतं. एक वरचा, दोघे मधले, आणि तुम्ही खालचा. वरचा गाणं म्हणायचा, त्याला शब्द होते. मधले दोघे त्याला आधार द्यायचे. तुम्ही नुसतं बों बों करायचात, जमिनीखालून आल्यासारखं. आधी वसईतली लग्नं, मग वांद्र्याचा क्लब, मग मुंबईतल्या हॉटेलात नाताळचे दिवस. एका म्हाताऱ्याने मला सांगितलं होतं, "तुझा बाप सुरू झाला की टेबलावरच्या बाटल्या थरथरायच्या रे." मग गिटारवाले आले, ढोलवाले आले, आणि लोकांना चार घसे पुरेनासे झाले. त्या पडत्या काळात बहरीनच्या हॉटेलातून बोलावणं आलं. तिघं गोदीवर गेले, तुम्ही गेला नाहीत. हॉटेलवाल्याला चार पाहिजे होते. पार्टी तिथेच मोडली.

कुणी म्हणाले, खालच्याने दारूने आवाज घालवला. कुणी म्हणाले, नवी नवरी सोडवली नाही. मम्मीने ते आयुष्यभर ऐकलं. नळावर, बाजारात, देवळाच्या पायरीवर. मी लहान असताना एक बाई तिच्या तोंडावर हसत म्हणाली होती, "काय गं, तुझ्या पदराला बांधला नसतास तर आज बंगल्यात असतीस." मम्मीने भाजी उचलली आणि चालायला लागली. तुम्हाला हे माहीत होतं. तुम्ही एकदाही तोंड उघडून सांगितलं नाहीत की तसं नव्हतं.

एक गंमत सांगतो. मला तुमची सगळी गाणी पाठ आहेत आणि एकही गाणं माहीत नाही. तुम्ही पीठ मळताना तुमचाच हिस्सा म्हणायचात. दोन्ही मुठी दाबल्या की एक बों, उलटलं की दुसरा. शब्द नाहीत, चाल नाही. मला वाटायचं गाणं असंच असतं. शाळेत बाईंनी विचारलं, "घरी काय गातात?" मी उभा राहून बों बों केलं आणि सगळा वर्ग बाकावर लोळला. इथे आल्यावर आमच्या वर्कशॉपमधल्या फिलिपिनो पोराने एका दुपारी मोबाईलवर जुनं गाणं लावलं. कुणीतरी इंग्रजीत रडक्या आवाजात काहीतरी म्हणत होता, मी लक्षही दिलं नाही. मग त्याच्या खालून बों बों चालायला लागलं. ते मला ठाऊक होतं. दाबणं, उलटणं, दाबणं. मी हातातला पत्रा खाली ठेवला. वर्कशॉपमध्ये भट्टीचा वास येत होता, पप्पा. पावाचा. तिथे पावाचं काही नव्हतं. माझ्या तोंडातून आपोआप पुढचा बों आला आणि समोर टांगलेला डक्ट गुरगुरला. सगळे वळून बघायला लागले. माझ्या खोलीतला दापोलीचा चाचा तिथेच होता. तो म्हणाला, "अरे बाबा, घशात जनरेटर बसवलायस काय? कफील शेठला कळलं तर डिझेलचे पैसे कापेल."

तेव्हापासून हे वाढलंय. आधी माझा आवाज असा नव्हता. आता फोनवर मी "हॅलो मम्मी" म्हटलं की ती पलीकडे गप्प होते. मी म्हणतो, "आवाज येतोय ना?" ती म्हणते, "येतोय. तू जरा वरच्या पट्टीत बोल." मी डक्टच्या आत पालथा पडून स्क्रू पिळत असतो, सवयीने गुणगुणतो, आणि पत्रा चारी बाजूंनी माझ्या अंगाला लागून बोलायला लागतो. आत अंधार असतो, पुढे कुठे जातो ते दिसत नाही. माझा बों पुढे जातो, कोपऱ्यावर वळतो आणि परत येताना तुमचा होऊन येतो. एकदा मी तसाच मागे सरकत बाहेर आलो. फोरमन ओरडला, "क्या हुआ, यल्ला, यल्ला!" त्याला काय सांगणार? आत माझा बाप आहे म्हणून?

उन्हाळ्याच्या आधी वरच्याच्या मुलीचा फोन आला. ताई आता रिटायर नर्स आहे, बापाजवळच राहते. चौघांतला तोच एक उरलाय. मधले दोघे तुमच्या मागोमाग गेले. ताई म्हणाली, "पप्पांना आता काही आठवत नाही. मी कोण तेही कधी कधी विचारतात. पण गाणी आहेत. रोज दुपारी म्हणतात, आणि जिथे तुझ्या पप्पांचं यायचं तिथे थांबतात. दाराकडे बघतात. मग शिव्या सुरू होतात. खालचा कुठे मेला, खालच्याला आणा. तुझी मम्मी म्हणत होती तुझा आवाज..." मी म्हटलं, "ताई, मी गाणारा नाही. मी डक्ट बसवतो." ती म्हणाली, "तुला कुठे गायचंय? नुसतं बों बों तर करायचंय."

शुक्रवारी दुपारी इथे नमाजाच्या वेळी सगळं बंद असतं, रस्ता कुत्र्यालाही नको असतो. मी खोलीत बसून फोन लावला. ताईने म्हाताऱ्याच्या कानाशी धरला. मी बेकरीत ऐकला होता तोच सूर धरला आणि सुरू केलं. पलीकडे आधी नुसता पंखा ऐकू येत होता. मग त्याने उचललं. दोन ओळी नीट गेल्या. मग वर जायची जागा आली आणि त्याचा घसा फाटला. खोकला, घरघर, आणि लहान पोरासारखं रडणं. ताई फोन ओढून म्हणाली, "राहू दे रे, माझीच चूक झाली."

मला दिवसभर तेच ऐकू येत राहिलं. आणि मग तुमचं ते आठवलं. तुम्हाला आठवतं? मी दहा-अकरा वर्षांचा, बेकरीच्या फळीवर बसून पाय हलवत वरचं काहीतरी गात होतो. तुम्ही ओरडलात. "वरचं गायचं नाही! वरचं गाणारे गल्लीत छप्पन आहेत." मी रडवेला झालो तेव्हा तुम्ही हात पुसून शेजारी बसलात आणि सांगितलंत, पहिलं आणि शेवटचं. "आमच्याकडे पेटी नव्हती, तंबोरा नव्हता. सूर मी द्यायचो. सूर कसा द्यायचा? गाण्याकडे बघायचं नाही, माणसाकडे बघायचं. त्याला आधी बोलता करायचं. जेवलास का, म्हणून विचारायचं. तो 'जेवलो' म्हणतो त्यात त्या दिवसाचा त्याचा घसा कळतो. तिथून सूर उचलायचा." माईकसमोर उभं राहिल्यावर दर वेळी तुम्ही वरच्याला विचारायचात, जेवलास का. लोक हसायचे. म्हणायचे, खालच्याचं सगळं लक्ष पंगतीवर.

पुढच्या शुक्रवारी मी फोन लावला आणि म्हटलं, "वरच्या, जेवलास का?"

पलीकडे एकदम जीव आला. "कसलं जेवतो रे! पेज देतात मला. ही बाई कोण आहे माहीत नाही, पेज देते आणि मीठ घालत नाही."

मागून ताई म्हणाली, "बीपी आहे तुम्हाला!"

"बघ, बोलते पण वरून!"

मला घसा कळला. फार खाली गेलेला, विहिरीच्या तळासारखा. मी तिथून सूर दिला. त्याने उचलला, आणि पप्पा, तो गायला. अख्खं गाणं. मी पहिल्यांदा तुमचं एक गाणं पूर्ण ऐकलं, शब्दांसकट, चालीसकट. बों बोंच्या वर इतकं काही उभं असतं हे मला ठाऊकच नव्हतं. पण सूर इतका खाली होता की माझ्या खालच्या जागा लागतच नव्हत्या. तिथे आवाज संपत होता, नुसती हवा निघत होती. गाणं झालं तेव्हा म्हातारा खूश होऊन ओरडला, "बघितलंस? सूर जिथल्या तिथे! माझा घसा कधी हलला नाही!" आणि पडल्या पडल्या ऐकणारा चाचा म्हणाला, "मियां, आज तुझा आवाज बसला काय? खालून नुसता वारा येतोय."

बाहेर नमाज संपून दुकानांची शटरं वर जात होती.

खालच्याचा आवाज गेला. खालून नुसती हवा येते. दारू पितो. हेच तर गाव म्हणत होतं तुमच्याबद्दल, बोटीच्या आधीची दोन-तीन वर्षं. मी मम्मीला फोन केला. विचारलं, पप्पा तेव्हा प्यायचे का? ती म्हणाली, "लग्नातून आले की घसा धरून बसायचे. मी गरम पाणी द्यायचे. म्हणायचे, आता याच्याखाली जायला मला जागा नाही. मी म्हटलं, मग थोडं वर घ्या की. तर म्हणाले, वर त्याला जागा नाही." मी विचारलं, "कुणाला?" मम्मी म्हणाली, "मला काय समजतं त्यातलं. मी पाणी द्यायचे." मग थोड्या वेळाने तीच म्हणाली, "बहरीनला पियानोवाला असणार होता. त्याचं काहीतरी मनात घेतलं होतं त्यांनी."

पियानो कुणाला विचारत नाही जेवलास का. त्याचा सूर जिथे आहे तिथे आहे. तिथे घसा उतरलेला वरचा पहिल्या रात्रीच उघडा पडला असता, परक्या गावात, सगळ्यांसमोर. इथे लग्नामागून लग्नं तुम्ही सूर कणाकणाने खाली आणत राहिलात, कुणाला कळू न देता, त्यालाही कळू न देता, आणि स्वतः जमिनीत जात राहिलात. असं मला वाटतं. तुम्ही सांगितलं नाहीत, म्हणून मी नुसतं वाटतं असं म्हणतो. तुम्हाला खरंच बोट लागत असेल तर हसा माझ्यावर.

त्यानंतर दर शुक्रवारी मी फोन करतो. गाणं झालं की म्हातारा गप्पा मारतो, मला तुम्ही समजून. आधी मी सांगायचो की मी मुलगा. तो म्हणायचा, "कुणाचा मुलगा? चल, नाटकं करू नको." मग मी सांगणं सोडलं. गेल्या शुक्रवारी त्याचं गाणं संपलं. मला वाटलं झोपला. मग एकदम स्वच्छ आवाजात, अगदी शुद्धीवरच्या माणसासारखा म्हणाला, "खालच्या, एक खरं सांग. त्या दिवशी तू आला का नाहीस? आम्ही तिघं गोदीवर उन्हात उभे. भोंगा झाला तरी मी त्या वाटेकडेच बघत होतो."

मी म्हटलं, "आता जाऊ दे ना."

"जाऊ दे कसं? बायकोने अडवलं? सांग. तिने अडवलं ना?"

मागे ताईचा श्वास ऐकू येत होता. तिने फोन काढून घेतला नाही. तीही इतकी वर्षं वाट बघत असावी. माझ्या तोंडाशी सगळं आलं होतं. हो म्हटलं असतं तर मम्मीवरचा डाग पक्का झाला असता, आणि तो डाग माझ्या तोंडून लागला असता. खरं सांगितलं असतं, की बाबा, तुझा घसा गेला होता, तर ज्या एका गोष्टीवर हा म्हातारा अजून मान वर करून बसलाय तीच मी काढून घेतली असती, मुलीच्या देखत. तिसरं जे उरलं ते तुमच्यावर होतं. मी आवाज खाली नेला, जितका जातो तितका, आणि म्हटलं, "भ्यालो रे मी."

पलीकडे खाट करकरली.

"समुद्राला भ्यालो. परक्या गावाला भ्यालो. तिचा काही संबंध नव्हता, ती तर पेटी भरून बसली होती. मीच भ्यालो."

मग तो हसायला लागला. खोकला येईपर्यंत हसला. "भित्रट! साला भित्रट! मला वाटलंच होतं. अरे, मग तेव्हाच सांगायचंस की. मी तुला खांद्यावर टाकून चढवला असता." आणि ताईला, जिला तो ओळखत नाही तिला, सांगायला लागला, "ऐकलं का बाई, हा भ्याला होता! मी उगाच त्या पोरीला बोल लावत होतो." ताई रडत होती की हसत होती कळलं नाही. आणि मी, इथे, चार पलंगांच्या खोलीत, भिंतीला पाठ लावून बसलो होतो, कारण ते "भ्यालो" मी म्हटल्यासारखं वाटलं नव्हतं. डक्टच्या कोपऱ्यावरून वळून आलं होतं ते.

मी तुम्हाला भित्रा ठरवलं, पप्पा. तुमच्याच आवाजात. आता गावात तेच चालेल, ताई सगळ्यांना सांगेल. मम्मीला परवा कुणीतरी येऊन सांगूनही गेलं. तिने मला विचारलं, "तू असं म्हणालास?" मी हो म्हटलं. पलीकडे तिने नळ बंद केला. मग म्हणाली, "बरं झालं," आणि पुढे, "त्यांना राग येईल." आला असेल तर या आणि सांगा. रोज येताच की.

हे पत्र कुठे टाकायचं हा प्रश्नच नाही, पत्ताच नाही. चाचा मघापासून विचारतोय, "कुणाला लिहितोयस एवढं, कोर्टाला?" मी म्हटलं, बापाला. तो म्हणाला, "अरे, मग सलाम लिही माझा." लिहिलाय.

एक सांगायचं राहिलं, ते लिहितो आणि थांबतो. मी म्हाताऱ्यासाठी आणि मम्मीसाठी खोटं बोललो असं मघाशी लिहिलं, ते पुरतं खरं नाही. मला ते ऐकायचंच होतं. तुमच्या आवाजात, एकदा तरी, की मी भ्यालो. मी इथे पहिल्यांदा विमानात बसलो तेव्हा डोळे मिटून पुढची सीट अशी धरून बसलो होतो की हवाईसुंदरीने पाणी आणून दिलं. तुम्हीही तसेच होतात असं कुणीतरी म्हणायला पाहिजे होतं. तुम्ही म्हणणार नव्हतात, म्हणून मी म्हणून घेतलं. बरं वाटलं.

त्या दिवशी फोन ठेवता ठेवता म्हातारा ओरडला होता, "आणि ऐक, तुझं बोटीचं तिकीट मी काढलं होतं! ते बुडालं. ते पैसे दे." ताई म्हणाली, "लक्ष देऊ नको रे." पण आता तो ताईला रोज विचारतो, खालच्याचे पैसे आले का. गाणंही तेवढं म्हणत नाही म्हणे, पैशांचीच वाट बघतो. म्हणून आज सुट्टी झाल्यावर त्याने सांगितलेला तेव्हाच्या तिकिटाचा आकडा घेऊन पैसे पाठवायच्या काउंटरवर गेलो. काचेआडच्या केरळी पोराने आकडा दोनदा वाचला. "भाई, इससे ज्यादा तो फीस है. पक्का इतना ही?" मी म्हटलं, पक्का. कारण काय लिहू, विचारलं त्याने. मी म्हटलं, वडिलांचं तिकीट. दोनशे ऐंशी रुपये.